लाल ठिपक्यांच्या त्या व्हायरल विमानामागचा माणूस : अब्राहम वाल्ड

विमानाचं एक साधं रेखाचित्र. पंखांवर, शेपटीवर आणि मधल्या धडावर लाल ठिपक्यांचे पुंजके. इंजिनांच्या जागी मात्र सगळं कोरं.

हे चित्र तुमच्या फीडमध्ये एकदा तरी येऊन गेलंच असेल. क्रिप्टोवरच्या भांडणात, कॉलेज सोडून कंपनी काढणाऱ्यांच्या कौतुकात, आमच्या काळी सीटबेल्ट नव्हते तरी आम्ही जगलोच की असं सांगणाऱ्या काकांच्या पोस्टखाली, कुणीतरी ते चिकटवतंच. सोबत एक शब्दही लिहावा लागत नाही.

त्यामागची गोष्टही आता पाठ झालेली आहे. दुसरं महायुद्ध चालू होतं. मोहिमेवरून परतलेल्या विमानांवर गोळ्यांची भोकं कुठे कुठे आहेत ते लष्कराने मोजलं. जिथे भोकं जास्त, तिथे जाड पत्रा लावायचं ठरत होतं. तेवढ्यात एक गणितज्ञ म्हणाला, की पत्रा लावायचा तर जिथे भोकं नाहीत तिथे लावा, कारण तिथे गोळी लागलेली विमानं परतलेलीच नाहीत.

गोष्टीचा गाभा बरोबर आहे. पण ते चित्र त्या गणितज्ञाने काढलेलं नाही, ते बऱ्याच वर्षांनी कुणीतरी समजावण्यासाठी केलेलं आहे. अधिकाऱ्यांना एका वाक्यात गप्प करण्याचा प्रसंगही त्याच्या अहवालांत कुठे नाही. त्या अहवालांत जे आहे, ते मीमपेक्षा जास्त कामाचं आहे. विशेषतः तुम्ही स्टार्टअपची पुस्तकं वाचत असाल, ॲप बनवत असाल किंवा डेटाशी खेळत असाल तर.

त्या गणितज्ञाचं नाव अब्राहम वाल्ड. आणि त्यांचा शेवट आपल्या नीलगिरीच्या डोंगरात झाला.

शनिवारी शाळा, म्हणून घरीच अभ्यास

वाल्ड यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १९०२ रोजी कोलोजवार या शहरात झाला. तेव्हा ते ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं. पहिल्या महायुद्धानंतर नकाशा बदलला आणि शहर रोमानियात गेलं. आज त्याचं नाव क्लुज-नापोका आहे.

घर कडक धार्मिक ज्यू. आजोबा रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू. वडिलांची बेकरी. शाळा शनिवारी भरायची आणि शनिवार हा ज्यूंचा सब्बाथ, कामाला पूर्ण सुट्टीचा दिवस. त्यामुळे अब्राहमचं सुरुवातीचं बरंच शिक्षण घरातच झालं. त्यांचा भाऊ मार्टिन हुशार इंजिनिअर होता.

क्लुजच्या विद्यापीठात गणित शिकून १९२७ मध्ये वाल्ड व्हिएन्नाला गेले. त्या काळचं व्हिएन्ना म्हणजे गणित, तत्त्वज्ञान आणि अर्थशास्त्राची पंढरीच. तिथे कार्ल मेंगर हे गणितज्ञ एक चर्चासत्र चालवायचे, त्यात कुर्ट गोडेलसारखी माणसं यायची. वाल्ड तिथे रमले. १९३१ मध्ये डॉक्टरेट मिळाली. विषय होता शुद्ध भूमिती. संख्याशास्त्राशी तेव्हा त्यांचा काही संबंध नव्हता.

पदवी आहे, नोकरी नाही

डॉक्टरेट हातात आली, पण ऑस्ट्रियातल्या विद्यापीठात एका परदेशी ज्यू तरुणाला नोकरी मिळणं जवळपास अशक्य होतं. मेंगर यांना हे माहीत होतं. त्यांनी वाल्ड यांची गाठ कार्ल श्लेसिंगर यांच्याशी घालून दिली. श्लेसिंगर बँकर होते आणि अर्थशास्त्राचे अभ्यासक. त्यांना गणित शिकवायचं काम वाल्ड यांना मिळालं. थोडक्यात, खाजगी शिकवणी.

या शिकवणीतून एक मोठं काम निघालं. बाजारात शेकडो वस्तू असतात, प्रत्येकीची किंमत दुसरीवर अवलंबून असते. सगळ्या किमती एकाच वेळी जुळतील असा समतोल खरंच असू शकतो का? अर्थतज्ञ असतो असं धरून चालत होते. वाल्ड यांनी १९३०च्या दशकाच्या मध्यात काही अटींखाली तो असतो हे गणिताने सिद्ध करून दाखवलं. पुढे १९५४ मध्ये केनेथ ॲरो आणि जेरार्ड डब्रू यांनी याच प्रश्नावर गाजलेलं काम केलं, त्याची सुरुवात इथे होती.

मग ऑस्कर मॉर्गनस्टर्न यांच्या व्यापारचक्र अभ्यास संस्थेत त्यांना काम मिळालं. १९३६ मध्ये त्यांचं पुस्तक आलं, ऋतुमानाने होणारे चढउतार आकड्यांमधून वेगळे कसे काढायचे यावर. ऐकायला रुक्ष वाटतं, पण प्रश्न आपल्या रोजच्या ओळखीचा आहे. दिवाळीत कपड्यांची विक्री वाढते. म्हणून दुकान चांगलं चालायला लागलं असं म्हणता येत नाही. सणाचा भाग बाजूला काढला की उरतं ते खरं. दिसणाऱ्या आकड्याच्या मागचा आकडा शोधायची सवय वाल्ड यांना इथे लागली.

मार्च १९३८

१२ मार्च १९३८ रोजी हिटलरचं सैन्य ऑस्ट्रियात शिरलं. त्याच दिवशी कार्ल श्लेसिंगर यांनी आत्महत्या केली. मॉर्गनस्टर्न तेव्हा अमेरिकेत होते, ते तिथेच राहिले. वाल्ड यांची नोकरी गेली.

त्यांच्या नशिबाने एक दार उघडं होतं. अर्थशास्त्रात गणित वापरणाऱ्या अमेरिकेतल्या काउल्स कमिशन या संस्थेने त्यांना बोलावलं होतं. त्या उन्हाळ्यात ते अमेरिकेला निघाले. आईवडील आणि भावंडं युरोपातच राहिली.

थोड्याच महिन्यांत ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात हॅरॉल्ड हॉटेलिंग यांच्याकडे आले आणि आधुनिक संख्याशास्त्र शिकायला बसले. पस्तिशी उलटलेला, नव्या देशात, नव्या भाषेत, विषयही नवा. १९३९ मध्ये त्यांनी जो शोधनिबंध छापला, त्यात पुढच्या निर्णय-सिद्धांताचा पाया होता. अपुऱ्या माहितीवर निर्णय घ्यायचा असेल तर चुकण्याची किंमत हिशोबात कशी धरायची, हा त्याचा विषय.

१९४१ मध्ये त्यांनी लुसिल लँग यांच्याशी लग्न केलं. त्याच वर्षाच्या शेवटी अमेरिका युद्धात उतरली.

स्वतःचंच काम वाचायला बंदी?

१९४२ मध्ये कोलंबिया विद्यापीठात स्टॅटिस्टिकल रिसर्च ग्रुप सुरू झाला. काम एकच, युद्धातले प्रश्न आकडेमोडीने सोडवायचे. या टीममध्ये कोण होतं ते बघा. मिल्टन फ्रीडमन आणि जॉर्ज स्टिगलर, दोघांनाही पुढे अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. जिमी सॅव्हेज, फ्रेडरिक मोस्टेलर, जेकब वुल्फोवित्झ, सगळे पुढे संख्याशास्त्रातली मोठी नावं झाले. प्रमुख होते ॲलन वॉलिस.

वाल्ड यांची तिथे विचित्र अडचण होती. कागदोपत्री ते शत्रुराष्ट्राचे नागरिक आणि काम गोपनीय. ग्रुपमध्ये गंमत चालायची, की वाल्ड यांनी एक पान लिहून संपवलं की सेक्रेटरी ते लगेच त्यांच्या हातातून काढून घेते, कारण स्वतःचंच लिखाण वाचायची त्यांना परवानगी नाही.

विमानांचा हिशोब खरा काय होता?

आता मुद्द्याची गोष्ट. पत्रा जाड केला की विमान जड होतं. जड झालं की इंधन आणि बॉम्ब कमी नेता येतात. सगळीकडे पत्रा लावणं परवडत नाही, म्हणजे कुठला भाग किती नाजूक आहे ते आधी कळायला हवं. अडचण अशी, की जी विमानं पडली ती समुद्रात किंवा शत्रूच्या प्रदेशात. तपासायला मिळतात फक्त परतलेली.

वाल्ड यांनी १९४३ मध्ये यावर आठ टिपणांची मालिका लिहिली. त्यांनी समजावण्यासाठी एक काल्पनिक उदाहरण घेतलं, तेच बघू.

४०० विमानं गेली. ३८० परतली, २० नाही. परतलेल्यांपैकी ३२० वर एकही गोळी नव्हती. ३२ वर एक गोळी, २० वर दोन, ४ वर तीन, २ वर चार आणि २ वर पाच.

पडलेल्या २० विमानांवर किती गोळ्या लागल्या होत्या ते कुणालाच माहीत नाही. तरी एक गोळी लागल्यावर विमान वाचण्याची शक्यता किती, हे सांगता येईल का?

वाल्ड यांनी काही गोष्टी स्पष्टपणे गृहीत धरल्या. गोळी न लागलेलं विमान परत येतं. पडलेलं प्रत्येक विमान गोळीनेच पडलं. आणि सुरुवातीपुरतं, प्रत्येक गोळीतून वाचण्याची शक्यता सारखीच आहे.

समजा ती शक्यता ९० टक्के आहे. मग एक गोळी घेऊन ३२ परतली, तर एक गोळी वाट्याला आलेली एकूण विमानं साधारण साडेपस्तीस असणार, म्हणजे साडेतीन पडली. दोन गोळ्यांतून वाचायची शक्यता ८१ टक्के, २० परतली, म्हणजे जवळपास पाच पडली. असं पाच गोळ्यांपर्यंत करत गेलं की बेरीज येते १२ विमानांची. पण पडली आहेत २०. म्हणजे ९० टक्के हा अंदाज फारच आशावादी आहे.

८५ टक्के धरून बघा. आता पडलेल्यांची बेरीज जवळजवळ २० येते. हिशोब जुळला. म्हणजे प्रत्येक गोळीला विमान पडण्याची शक्यता सुमारे १५ टक्के.

एकही पडलेलं विमान न बघता त्यांनी पडलेल्या विमानांबद्दल सांगितलं. यात जादू नाही. परतलेल्यांच्या माहितीबरोबर त्यांच्याकडे आणखी एक आकडा होता, एकूण किती विमानं उडाली होती तो. ४००. तो आकडा काढून घ्या, अख्खं गणित कोसळतं.

पुढच्या टिपणांत त्यांनी भागांचा विचार केला. गोळ्या विमानावर साधारण कशा पसरतात हे कळलं, समजा भागाच्या क्षेत्रफळाच्या प्रमाणात, तर इंजिनाच्या वाट्याला किती यायला हव्या ते काढता येतं. परतलेल्या विमानांत इंजिनावर त्याहून कमी सापडल्या, तर उरलेल्या न परतलेल्या विमानांवर आहेत. त्यांच्या उदाहरणात इंजिन सर्वांत नाजूक ठरलं, तर धडावर गोळी खाऊन विमान बहुतेक वेळा परत येत होतं. सगळ्या गोळ्या सारख्याच घातक असतात हे गृहीतक सोडलं तर उत्तर किती ते किती यांच्यात असेल, तेही त्यांनी काढून ठेवलं.

इथे मीम आणि वाल्ड वेगळे होतात. मीम बघून वाटतं, वाचलेल्यांची माहिती म्हणजे फसवी, ती फेकून द्या. वाल्ड यांनी फेकली नाही. तीच वापरून त्यांनी न परतलेल्यांचा माग काढला. फक्त त्याआधी किती निघाले होते ते विचारलं, आणि आपण काय गृहीत धरतोय ते लिहून ठेवलं.

ही टिपणं वर्षानुवर्षं सरकारी कपाटांपुरतीच होती. १९८० मध्ये अमेरिकेतल्या सेंटर फॉर नेव्हल ॲनालिसिस या संस्थेने ती एकत्र छापली. वाल्ड यांना जाऊन तेव्हा तीस वर्षं झाली होती.

शितावरून भाताची परीक्षा, पण शितं किती?

संख्याशास्त्राच्या जगात वाल्ड यांचं नाव विमानांपेक्षा दुसऱ्याच एका कामासाठी घेतलं जातं.

१९४३च्या सुरुवातीला वॉलिस आणि फ्रीडमन यांच्यासमोर नौदलाचा एक प्रश्न आला. दारूगोळ्याच्या चाचण्या घ्यायच्या असतात. नियमाप्रमाणे ठरलेल्या संख्येने गोळे उडवून बघायचे. पण अनुभवी अधिकाऱ्याला पहिल्या काही गोळ्यांतच कळतं की हा माल टाकाऊ आहे, किंवा उत्तम आहे. तरीही बाकीचे उडवत बसायचे?

आपल्याकडे शितावरून भाताची परीक्षा म्हणतात ती हीच. पातेल्यातलं एक शीत दाबून बघायचं. अगदी कच्चं असेल तर झाकण ठेवायचं, मऊ झालं असेल तर गॅस बंद, आणि शंका असेल तर आणखी एक शीत. किती शितं बघायची हे आधी कुणी ठरवत नाही. पण हे अंदाजाने करता येतं, गणिताने करता येईल का?

वॉलिस आणि फ्रीडमन हा प्रश्न घेऊन आधी वुल्फोवित्झ यांच्याकडे गेले, त्यांना तो फारसा पटला नाही. मग वाल्ड यांच्याकडे. वाल्डही सुरुवातीला साशंक होते. पण थोड्याच काळात त्यांनी कळवलं, की अशी चाचणी आहे आणि ती करता येते.

पद्धत कशी चालते ते आपण एका सोप्या उदाहरणाने बघू. समजा चांगल्या मालात १०० पैकी २ नग खराब असतात आणि वाईट मालात १०. चुकीचा निर्णय होण्याची शक्यता दोन्ही बाजूंनी ५ टक्क्यांच्या आसपास चालेल असं ठरवलं. एक आकडा १ पासून सुरू करा. प्रत्येक खराब नगाला त्याला ५ ने गुणा, प्रत्येक चांगल्या नगाला सुमारे ०.९२ ने. आकडा १९ च्या वर गेला की माल नापास. एकोणिसाव्या हिश्शाच्या खाली गेला की पास. मधे असेल तर पुढचा नग काढा.

पहिले दोन्ही नग खराब निघाले तर आकडा २५ होतो, चाचणी तिथेच संपली. सलग ३५ चांगले निघाले तर माल पास. बस. गुणायचे आकडे आणि दोन्ही सीमा वाल्ड यांच्या सूत्रातून येतात. अशा चाचणीला जुन्या पद्धतीच्या तुलनेत सरासरी अनेकदा जवळपास निम्मेच नमुने लागतात.

युद्धाच्या काळात हे इतकं उपयोगी ठरलं की ते गोपनीय ठेवलं गेलं. १९४५ मध्ये बंधनं उठली आणि १९४७ मध्ये वाल्ड यांचं सिक्वेन्शियल ॲनालिसिस हे पुस्तक आलं. तिकडे इंग्लंडमध्ये ब्लेचली पार्कला जर्मन संदेश फोडताना ॲलन ट्युरिंग यांनीही स्वतंत्रपणे याच जातीची कल्पना वापरली होती, पण ते बाहेर यायला आणखी बरीच वर्षं लागली.

भारताचा धागा इथेच जुळतो. कलकत्त्याचे प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी १९३०च्या दशकाच्या शेवटी बंगालमधलं तागाचं क्षेत्र मोजायला टप्प्याटप्प्याने पाहणी केली होती. आधी छोटी पाहणी, त्यातून शिकून पुढची मोठी. वाल्ड यांनी आपल्या पुस्तकात या कामाची दखल घेतली आणि त्याला आपल्या पद्धतीचं पूर्वरूप मानलं.

स्टार्टअपच्या पुस्तकांत ते ४०० कुठे असतात?

आता हे सगळं आजच्या पुस्तकांच्या कपाटाशी जोडून बघा.

यशस्वी कंपन्यांवरची पुस्तकं बहुतेक एकाच वाटेने जातात. आधी जिंकलेल्या कंपन्या निवडायच्या, मग त्यांच्यात सारखं काय ते शोधायचं. जिम कॉलिन्स यांचं २००१ मधलं गुड टू ग्रेट हे त्यातलं सर्वांत मेहनतीने केलेल्या पुस्तकांपैकी एक. त्यांच्या टीमने १,४३५ कंपन्यांतून ११ निवडल्या. तुलनेसाठी न चमकलेल्या कंपन्याही घेतल्या, हे मान्य करायला हवं. पण निवड निकाल बघून झाली होती. तेच गुण असूनही बाकीच्या १,४३५ मध्ये किती कंपन्या मागे राहिल्या, हा आकडा त्यातून मिळत नाही. त्या ११ मधली सर्किट सिटी २००८ मध्ये दिवाळखोरीत गेली. फॅनी मे त्याच वर्षी सरकारला ताब्यात घ्यावी लागली.

कॉलेज सोडलेल्या संस्थापकांचंही तसंच. बिल गेट्स यांनी हार्वर्ड सोडलं, मार्क झुकरबर्ग यांनीही. ही परतलेली विमानं आहेत. किती जणांनी कॉलेज सोडून कंपनी काढली आणि ती बंद पडली, त्यांच्यावर कुणी पुस्तक लिहीत नाही. अशा वेळी पुस्तक फाडून टाकायची गरज नाही. फक्त विचारायचं, उडाली होती किती?

सॉफ्टवेअरमध्ये हा प्रश्न रोजचा आहे. ॲप क्रॅश झालं की रिपोर्ट येतो. पण ॲप उघडायच्या आतच कोसळलं, किंवा रिपोर्ट पाठवायला नेटवर्कच नव्हतं, तर? सर्वांत वाईट बग सर्वांत शांत असू शकतो. म्हणून आलेले रिपोर्ट मोजण्याबरोबर किती फोनवर ॲप सुरू करायचा प्रयत्न झाला तेही मोजावं लागतं. रिव्ह्यूचंही तेच. वैतागून ॲप काढून टाकणाऱ्यांतले अनेक जण काही लिहायला थांबत नाहीत.

आणि वाल्ड यांची दुसरी पद्धत तर थेट इथे आली. जॉन मूसा आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या १९८७ मधल्या सॉफ्टवेअर रिलायबिलिटी या पुस्तकात चाचणीचा एक तक्ता आहे. बिघाड होत जातील तसे त्यावर ठिपके द्यायचे. तक्त्याचे तीन भाग, स्वीकारा, नाकारा, चाचणी चालू ठेवा. म्हणजे नौदलाचे गोळे जाऊन तिथे प्रोग्रॅम आला.

ए-बी टेस्टिंग करणाऱ्यांना आणखी एक गोष्ट ओळखीची वाटेल. हिरवं बटण बरं की निळं, हे बघायला टेस्ट लावायची, रोज डॅशबोर्ड उघडायचा, आणि मनासारखा आकडा दिसला की टेस्ट बंद करून जिंकलो म्हणायचं. हे केलं की नुसत्या योगायोगालाही विजय समजण्याची शक्यता खूप वाढते. वाल्ड यांच्या पद्धतीत रोज बघायला हरकत नाही, पण कुठे थांबायचं त्या दोन्ही सीमा आधी ठरलेल्या हव्यात. २०१५ मध्ये ऑप्टिमायझली या टेस्टिंग कंपनीने आपल्या गणितात बदल केला, तेव्हा त्याचा आधार वाल्ड यांच्या चाचणीचंच एक पुढचं रूप होतं.

घरचे परतले नाहीत

वाल्ड न्यूयॉर्कमध्ये युद्धाचे हिशोब करत असताना त्यांचं जन्मगाव हंगेरीच्या ताब्यात गेलं होतं. १९४४च्या मे-जूनमध्ये तिथल्या हजारो ज्यूंना रेल्वेच्या डब्यांत कोंबून आउशवित्झला नेण्यात आलं. वाल्ड यांचे आईवडील आणि बहिणी तिथे मारल्या गेल्या. इंजिनिअर भाऊ मार्टिनही गेला. एक भाऊ, हर्मन, वाचला. युद्धानंतर वाल्ड यांनी त्याला अमेरिकेत आणलं.

त्यांनी काम थांबवलं नाही. १९४६ मध्ये कोलंबियात गणिती संख्याशास्त्राचा स्वतंत्र विभाग झाला, त्याची धुरा त्यांच्याकडे आली. १९४८ मध्ये ते इन्स्टिट्यूट ऑफ मॅथेमॅटिकल स्टॅटिस्टिक्सचे अध्यक्ष झाले. त्याच वर्षी वुल्फोवित्झ यांच्यासोबत त्यांनी सिद्ध केलं, की आपली चाचणी नमुन्यांच्या बाबतीत सर्वांत काटकसरी आहे. पहिल्यांदा प्रश्न न पटलेले तेच वुल्फोवित्झ. १९५० मध्ये त्यांचं निर्णय-सिद्धांतावरचं मोठं पुस्तक आलं.

आजही संख्याशास्त्राचा विद्यार्थी वाल्ड टेस्ट शिकतो. तिच्या शेजारी पाठ्यपुस्तकात जी दुसरी चाचणी असते, ती सी. आर. राव यांची, १९४८ मधली.

नीलगिरी, १३ डिसेंबर १९५०

१९५०च्या शेवटी वाल्ड भारत सरकारच्या निमंत्रणावरून व्याख्यानांसाठी इथे आले. पत्नी लुसिल सोबत होत्या. १३ डिसेंबर रोजी त्यांचं एअर इंडियाचं विमान नीलगिरीच्या डोंगरात कोसळलं. दोघंही गेले. वाल्ड ४८ वर्षांचे होते.

मागे दोन लहान मुलं राहिली. त्यांतला मुलगा रॉबर्ट तेव्हा तीन वर्षांचा होता. तो पुढे शिकागो विद्यापीठात भौतिकशास्त्राचा प्राध्यापक झाला आणि सापेक्षतावादावरचं त्याचं १९८४ मधलं पुस्तक जगभर शिकवलं जातं.

विमानांचा हिशोब करणारा माणूस विमानातच गेला, अशा ओळीवर पोस्ट संपवायचा मोह सगळ्यांना होतो. पण एका अपघातातून कुठलाही नियम निघत नाही, हे वाल्ड यांच्या गणिताचं वाचन केलेला कुणीही सांगेल.

त्यांच्याकडून घेण्यासारखं साधं आहे आणि ते उद्यापासून वापरता येतं. कुणी दहा यशस्वी लोकांच्या सवयी सांगितल्या, एखाद्या म्युच्युअल फंडाने पाच वर्षांचा परतावा दाखवला, एखाद्या क्लासने टॉपर्सचे फोटो फ्लेक्सवर लावले, तर दिसणाऱ्यांवर शंका घेण्याआधी एकच आकडा मागा. सुरुवातीला किती जण होते? तो आकडा मिळाला, तर समोर दिसणाऱ्या माहितीतून न दिसणाऱ्यांबद्दल बरंच काही कळू शकतं. नाही मिळाला, तर तुमच्या हातात फक्त परतलेल्या विमानांचे फोटो आहेत.